पुश-फिट कॅप जरूर लावा, पण तिच्यावर टाइल चढवू नका

तुमच्या प्रश्नातून मला जे समजलं ते आधी मांडतो, म्हणजे पुढचं उत्तर कशाला धरून आहे ते कळेल. पुण्यात चार मजली इमारतीत तिसऱ्या मजल्यावर तुमचं घर आहे. ड्राय बाल्कनी स्वयंपाकघरात घेतल्यामुळे वॉशिंग मशीनचा जुना नळ काढला. आता विटांच्या भिंतीतून गार पाण्याच्या अर्धा इंची सीपीव्हीसी (प्लास्टिकच्या) पाइपचा तीन-साडेतीन इंचांचा तुकडा बाहेर आलेला आहे. गच्चीवरचा व्हॉल्व्ह कितीही आवळला तरी पूर्ण बंद होत नाही, त्यामुळे त्या तोंडातून थेंब गळतच राहतात. प्लंबर म्हणतो, पाइप कोरडा झाल्याशिवाय सोल्युशन (पाइप चिकटवायचा द्रव) धरणार नाही. अमेरिकेहून आलेल्या भावाने शार्कबाइट कंपनीच्या दोन पितळी पुश-फिट कॅप, म्हणजे नुसत्या दाबून बसवायची पाइपची टोपणं, आणल्या आहेत आणि तो म्हणतो, ओल्या पाइपवरही बसते, दाबली की झालं. परवा टाइलवाला येणार. तर ही कॅप दाबून वरून गिलावा आणि टाइल केली तर चालेल का?

भावाचं म्हणणं बरोबर आहे आणि प्लंबरचंही. ती कॅप तुमच्या पाइपवर बसेल, ओल्या पाइपवरही बसेल आणि पाणी धरेल. आज रात्रीपुरती ती लावून टाका, म्हणजे सगळ्या इमारतीचं पाणी तुमच्यासाठी अडकून राहणार नाही. पण ती भिंतीत गाडून वर टाइल लावायला मी तरी हो म्हणणार नाही. भिंतीआड जे जाणार ते सोल्युशनने चिकटवलेलं असावं किंवा आट्यांचं (फिरवून आवळायचं), आणि त्यासाठी पाइप कोरडा कसा करायचा तेही खाली सांगतो. ते वाटतं तितकं अवघड नाही.

सगळ्यात आधी पाइप कोणता आहे त्याची खात्री करा. पुश-फिटमध्ये निम्म्याहून जास्त गोंधळ इथेच होतो. पुश-फिट फिटिंग पाइपला बाहेरून पकडतं, म्हणून त्याला पाइपच्या आतल्या व्यासाशी देणंघेणं नसतं, बाहेरचा व्यास लागतो. आपल्याकडे मात्र दुकानात सगळेच ‘अर्धा इंची’ किंवा ‘१५ एमएम’ म्हणतात आणि प्रत्येक जातीच्या अर्ध्या इंचाचा बाहेरचा व्यास निराळा असतो. घरात मिळणारा सीपीव्हीसी, ज्यावर आयएस १५७७८ असं छापलेलं असतं, तो अमेरिकेतल्या तांब्याच्या नळीच्या मापाने बनतो. अर्धा इंचीचा बाहेरचा व्यास १५.९ मिमी, पाऊण इंचीचा २२.२ मिमी. भावाने आणलेली कॅप याच मापाची असते, म्हणून ती चालते. तीच कॅप इंग्लंडहून आली असती तर बसली नसती, कारण तिकडचं १५ मिमीचं पुश-फिट खरोखरच १५ मिमी बाहेरच्या व्यासाच्या नळीसाठी असतं. आपल्या पाइपवर ‘१५ एमएम’ छापलंय म्हणून कोणी ऑनलाइन त्या इंग्लंडच्या मापाची, स्पीडफिट कंपनीची १५ मिमी कॅप मागवली तर ती पाइपवर चढणारच नाही, आणि ठोकून चढवायचा प्रयत्न केला तर रबरी रिंग कापली जाईल.

घरात व्हर्नियर (व्यास मोजायचं साधन) नसेल तर एक सोपी युक्ती आहे. कागदाची अरुंद पट्टी पाइपभोवती घट्ट गुंडाळा, जिथे टोक मिळतं तिथे पेनाने खूण करा आणि पट्टी उलगडून फूटपट्टीवर मोजा. अर्धा इंची सीपीव्हीसीचा घेर जवळपास बरोबर ५ सेंटीमीटर येतो. ६.३ सेंटीमीटर आला तर तो बहुधा २० मिमीचा पीपीआर (तापवून जोडायचा प्लास्टिकचा पाइप), ६.७ आला तर जीआय (जस्त चढवलेला लोखंडी) किंवा पांढरा प्लास्टिकचा यूपीव्हीसी. ७ आला तर पाऊण इंची सीपीव्हीसी. रंगावरूनही कळतं: सीपीव्हीसी फिकट पिवळसर, पीपीआर बहुतेक हिरवा. पण भिंतीतल्या पाइपवर सिमेंट बसलेलं असतं, त्यामुळे मी मापावर जास्त विश्वास ठेवतो.

आता हे फिटिंग धरतं कसं ते समजून घ्या, कारण पुढच्या सगळ्या सूचना त्यातूनच निघतात. पुश-फिट तुम्हाला नवीन नाही. तुमच्या वॉटर प्युरिफायरची पाव इंची पांढरी नळी ज्या फिटिंगमध्ये खोचलेली असते ते पुश-फिटच. त्यातली छोटी कॉलर आत दाबून धरली की नळी सुटते, नाहीतर कितीही ओढा, सुटत नाही. मोठ्या कॅपमध्येही तेच आहे. तोंडाशी कॉलर, तिच्या मागे स्टीलच्या बारीक दातांची रिंग, आणि त्याच्या मागे रबराची ओ-रिंग. दात पाइपला धरून ठेवतात, ओ-रिंग पाणी अडवते. दोघांची कामं वेगळी आहेत आणि दोघंही पाइपच्या बाहेरच्या पृष्ठभागावर अवलंबून आहेत. पाइप गोल, गुळगुळीत, सरळ कापलेला आणि पुरेसा आत गेलेला असला तर हे फिटिंग उत्तम काम करतं. कंपनी साध्या मालिकेसाठी २०० पीएसआय, म्हणजे जवळपास १४ बारचा दाब सांगते, आणि चांगल्या पाइपवर ते खरं आहे.

तुमच्याकडे दाब किती? पाण्याच्या १० मीटर उंचीला साधारण १ बार. टाकीतल्या पाण्यापासून तुमचा नळ सहा-सात मीटर खाली असेल असं धरलं तर पाऊण बारच्या आतच. अर्धा इंची सीपीव्हीसीच्या तोंडाचं क्षेत्रफळ जवळपास २ चौरस सेंटीमीटर, म्हणजे कॅपला बाहेर ढकलणारा जोर सव्वा किलोच्या आसपास. फार नाही. पण हा जोर सतत असतो, दिवसरात्र. सरळ जोडणीत दोन्ही बाजूंचे पाइप भिंतीला क्लॅम्पने धरलेले असतात, त्यामुळे फिटिंगच्या दातांवर फारसा भार येत नाही. कॅपच्या मागे धरायला काहीच नसतं, सगळा भार दातांवर. उद्या सोसायटीने प्रेशर पंप बसवला आणि दाब ३ बारवर गेला तर तोच जोर सहा किलो होतो. वर दुसरीकडे कुणाच्या तरी वॉशिंग मशीनचा व्हॉल्व्ह झटक्यात बंद झाला की पाण्याचा हादरा येतो तो वेगळाच. म्हणून एंड कॅपच्या बाबतीत पाइपचं टोक कसं आहे याला मी इतर कुठल्याही जोडापेक्षा जास्त महत्त्व देतो.

आणि तुमच्या पाइपचं टोक भिंतीतून फोडून काढलेलं आहे, हे विसरू नका. गवंड्याने छिन्नी चालवली असेल तर पाइपवर लांबीच्या दिशेने ओरखडे असणारच. पाइप ओल्या फडक्याने पुसा, सिमेंटचे कण नखाने आणि नायलॉनच्या घासणीने काढा, सँडपेपरने खरवडू नका. मग अंगठ्याचं नख पाइपवर आडवं धरून सगळीकडून गोल फिरवा, निदान शेवटच्या दीड इंचात. नख कुठे अडकलं तर तिथे ओरखडा आहे. आडव्या, म्हणजे घेराच्या दिशेच्या हलक्या ओरखड्याचं फारसं वाईट नाही. पण पाइपच्या लांबीला धरून गेलेला बारीकसा चरा ओ-रिंगच्या खालून सरळ बाहेर पाण्याला वाट करून देतो. असा चरा डोळ्यांना दिसत नाही, नखाला कळतो. सापडला तर तेवढा भाग कापून टाका. तुमच्याकडे तीन इंच आहेत, इंच-सव्वा इंच कापून गेला तरी पुरेल.

जुना एल्बो किंवा नळाचा जोड जिथे सोल्युशनने चिकटवलेला होता तो भागही ठेवू नका. वाळलेल्या सोल्युशनचा थर पाइपची जाडी वाढवतो आणि त्याचे टवके ओ-रिंगला कापतात. रंग आणि डिस्टेंपरचंही तेच.

कापायला मी जुन्या सीपीव्हीसीवर कैचीसारखा रॅचेट कटर वापरत नाही. दहा-बारा वर्षांचा पाइप ठिसूळ झालेला असतो आणि कटरच्या दाबाने त्याला केसासारखी चीर जाते, जी पुढे महिन्याभराने गळते. बारीक दातांचं हॅक्सॉ ब्लेड घ्या, पाइपभोवती कागद गुंडाळून त्याच्या कडेने गोल खूण करा आणि त्या खुणेवर सावकाश कापा. काप सरळ नव्वद अंशात आला पाहिजे. मग आतली बाहेरची कुसळं काढा आणि बाहेरची कड पॉलिश पेपरने थोडी उतरवून घ्या. फक्त कड, मागचा पाइप नाही. धारदार कड ओ-रिंगमधून जाताना तिला सोलून काढते.

आता खोलीची खूण. अर्धा इंची कॅपमध्ये पाइप साधारण इंचभर आत जायला हवा. पाकिटावर नेमका आकडा असतो, तो पाहा. टोकापासून तेवढं अंतर मोजून मार्करने गोल रेघ मारा. कॅप सरळ धरून थोडी फिरवत दाबा. पहिल्यांदा एक अडथळा जाणवेल, ती दातांची रिंग. पुष्कळ लोक तिथेच थांबतात. तिथून पुढे आणखी जोर लावला की दुसरा अडथळा जातो, ती ओ-रिंग, आणि मग पाइप तळाला टेकतो. मार्करची रेघ कॉलरच्या कडेला येऊन भिडली पाहिजे. रेघ दिसत असेल आणि कॉलर अजून तीन-चार मिमी लांब असेल तर कॅप पूर्ण बसलेली नाही. बसल्यावर मागे ओढून पाहा. कॅप पाइपवर गोल फिरते म्हणून घाबरू नका, पुश-फिट फिरतंच, गळतीशी त्याचा संबंध नाही. चढवताना अडत असेल तर पाण्याने ओलं करा किंवा सिलिकॉन ग्रीस लावा. गाडीचं ग्रीस, खोबरेल, मशीनचं तेल यातलं काहीही नको. खनिज तेलाने ओ-रिंगचं रबर फुगतं आणि सीपीव्हीसीला तर बरीचशी तेलं चालत नाहीत.

इथपर्यंत केलंत की आजची रात्र निभावली. गच्चीवरचा व्हॉल्व्ह हळूहळू उघडा, कॅपखाली टिश्यू पेपर धरून ठेवा, आणि सकाळी पेपर कोरडा आहे का ते पाहा.

मग भिंतीत का नको? प्रामाणिकपणे सांगायचं तर अमेरिकेत हे फिटिंग भिंतीआड वापरायला मान्यता आहे, आणि भाऊ तेच पाहून सांगतोय. पण तिकडच्या भिंती लाकडी चौकटीवर जिप्सम बोर्डाच्या असतात. फिटिंग आत पोकळीत मोकळं असतं, आणि गळलंच तर बोर्डाचा चौकोन कापून काढला की काम झालं. आपल्या भिंतीत पोकळी नसते. फिटिंगच्या चारही बाजूंनी ओला सिमेंटचा माल ठासून भरला जातो. मालाचे कण कॉलर आणि पाइपच्या फटीत शिरतात. कॉलर आत दाबली गेली की दात सैल होतात हे आपण वर पाहिलंच, आणि गवंडी थापी मारताना कॉलरवर कुठून किती दाब येतो याची कुणालाच खबर नसते. शिवाय ओ-रिंग रबराची आहे. ती वर्षानुवर्षं चांगली राहते, पण रबर म्हटलं की कधीतरी बदलायला हाताशी असावं. जी वस्तू हाताशी असावी ती टाइलच्या मागे बंद करणं मला पटत नाही. टाइलमागची बारीक गळती तुम्हाला कळतच नाही, आधी खालच्या मजल्यावरच्या लोकांच्या छताला ओल येते, आणि तोपर्यंत स्वयंपाकघराच्या ट्रॉल्या फुगलेल्या असतात.

कॅप जर ट्रॉलीच्या आत, सिंकखाली, डक्टमध्ये अशी उघडी राहणार असेल तर माझी काहीच हरकत नाही. ट्रॉलीच्या मागच्या फळीला हात जाईल एवढा चौकोन कापून घ्या आणि कॅप तशीच राहू द्या. तुमच्याकडे तसं करता येतंय का ते मला तुमच्या प्रश्नावरून कळत नाही, तुम्हीच ठरवा.

भिंत सपाट करायचीच असेल तर पाइप कोरडा करावा लागेल. गच्चीवरचा व्हॉल्व्ह झिरपतोय ही खरी अडचण आहे. तो बहुधा गोल चाकाचा जुना गेट व्हॉल्व्ह असेल. बोअरच्या जड पाण्याने त्याच्या आतल्या पाचरीखाली क्षार बसतात आणि मग कितीही आवळला तरी बारीक फट राहते. जोर लावून आवळू नका, दांडा तुटला तर सगळी इमारत कोरडी पडेल. त्याऐवजी असं करा: गच्चीवरून येणारी ती उभी लाइन बहुतेक इमारतींत एकाखाली एक असलेल्या सगळ्या स्वयंपाकघरांना जाते. गच्चीवरचा व्हॉल्व्ह बंद करा आणि दुसऱ्या किंवा पहिल्या मजल्यावरच्या शेजाऱ्यांना त्याच लाइनवरचा सिंकचा नळ तासाभरासाठी उघडा ठेवायची विनंती करा. वरून झिरपणारं पाणी मग खालच्या नळातून निघून जातं, लाइन तुमच्या पातळीपर्यंत भरतच नाही आणि तुमच्या तोंडातले थेंब थांबतात. सिंकखालचा अँगल कॉक (नळाआधीचा छोटा व्हॉल्व्ह) बंद असेल तर उपयोग नाही, नळातून खरंच धार येऊन मग ती बारीक होत गेली पाहिजे. तुमच्या आडव्या तुकड्यात उरलेलं पाणी सुती कापडाची वात तारेला गुंडाळून टिपून घ्या. काही कारागीर पाणी अडवायला पावाचा गोळा कोंबतात. एंड कॅपच्या कामात तो प्रकार नको, कारण पाव वाहून जायला पुढे वाटच नसते, तो तिथेच कुजतो किंवा उलट फिरून कुणाच्या तरी नळाच्या जाळीत अडकतो.

पाइप कोरडा झाला की तीन मार्ग आहेत आणि माझी पसंती ह्याच क्रमाने.

सगळ्यात चांगलं म्हणजे पाइप मुळापासून काढणं. ही फांदी ज्या टीमधून (तीन तोंडांच्या जोडातून) निघते तो टी जवळ असेल, म्हणजे अजून टाइल न लागलेल्या भिंतीत फूट-दोन फुटांवर, तर तिथपर्यंत झिरी मारा, टी कापून काढा आणि सरळ कपलर घाला. असं सांगायचं कारण गळतीपेक्षा वेगळं आहे. कॅप लावलेल्या फांदीत पाणी साचून राहतं, ते कधीच बदलत नाही. लिजिओनेला जातीचे जिवाणू २० ते ४५ अंशांच्या साचलेल्या पाण्यात वाढतात, आणि पुण्याच्या भिंतीतलं पाणी जवळपास वर्षभर याच तापमानात असतं. चार-सहा इंचांच्या तुकड्याची मी काळजी करत नाही. पण सहा-आठ फुटांची मेलेली लाइन पिण्याच्या पाण्याला जोडलेली ठेवायला मला आवडत नाही, पाण्याला वासही येऊ लागतो. तुमच्या नव्या आराखड्यात टी नेमका कुठे आहे हे प्लंबरकडून आधी शोधून घ्या, त्यावरच हा निर्णय ठरेल.

टी लांब असेल तर दुसरा मार्ग: कॅपऐवजी पितळी आट्यांचा एल्बो सोल्युशनने बसवा, त्याचं तोंड टाइलच्या पातळीला आणा आणि त्यात टेफलॉन टेप गुंडाळून डमी (आट्यांचं बूच) आवळा. डमी टाइलवर दिसते, छोटंसं क्रोमचं बटण असल्यासारखी, आणि ते दिसणं काहींना खटकतं. मला मात्र तेच आवडतं. गळली तर लगेच दिसते, पान्ह्याने दोन मिनिटांत काढून पुन्हा बसवता येते, आणि पुढे कधी तिथे डिशवॉशर किंवा प्युरिफायर आला तर भिंत न फोडता पॉइंट तयार असतो. डमी आवळताना एल्बो मागून दुसऱ्या पान्ह्याने धरा, नाहीतर फिरण्याचा सगळा जोर आतल्या सीपीव्हीसीच्या जोडावर जातो. टेप घड्याळाच्या दिशेने गुंडाळा, सात-आठ वेढे पुरेत. पंधरा-वीस वेढे गुंडाळून जबरदस्तीने आवळलं की पितळी तोंड तडकतं.

तिसरा मार्ग साध्या सीपीव्हीसी कॅपचा. काही रुपयांची वस्तू आहे आणि नीट चिकटवली तर पाइपइतकीच टिकते, कारण सोल्युशन दोन्ही पृष्ठभाग विरघळवून एक करतं. सीपीव्हीसीचंच सोल्युशन घ्या, यूपीव्हीसीचं नाही. डबा जुना असेल आणि सोल्युशन जेलीसारखं घट्ट झालं असेल तर फेकून द्या. पाइप आणि कॅप दोन्ही कोरडे पुसा, आधी पाइपला आणि मग कॅपच्या आत पातळ सारखा हात फिरवा, पाव वेढा फिरवत तळापर्यंत दाबा आणि अर्धा मिनिट धरून ठेवा. न धरता सोडलं तर कॅप थोडी मागे सरकते. पाणी सोडायची वेळ डब्यावर लिहिलेली असते, पण मी शक्यतो रात्रभर तसंच ठेवतो. म्हणूनच टाइलवाल्याला एक दिवस पुढे ढकला. परवाऐवजी तेरवा आला तर काही बिघडत नाही.

पुश-फिट कॅप काढताना कॉलर आत दाबून धरा आणि कॅप ओढा. त्यासाठी घोड्याच्या नालासारखी छोटी प्लास्टिकची क्लिप मिळते, नसेल तर योग्य मापाचा फिक्स पान्हा कॉलरवर सपाट दाबला तरी चालतं. काढल्यावर दातांच्या खुणा उमटलेला भाग कापून टाका आणि मगच सोल्युशन लावा. कॅप जपून ठेवा. घरात एखादा पाइप अचानक फुटला तर रात्री अकरा वाजता ती कामाला येईल, तिचं खरं मोल तिथेच आहे.

तुमच्यासारखाच प्रश्न असणारे इतर लोकही हे वाचतील म्हणून दुसऱ्या पाइपांचं थोडक्यात. जीआयवर ही कॅप चालत नाही. त्याला आटेच हवेत, जीआयची कॅप किंवा डमी, ताग-सफेदा किंवा टेफलॉन लावून. पीपीआरचं मापच वेगळं आहे, त्याची कॅप मशीनने २६० अंशांच्या आसपास तापवून वेल्ड करतात आणि तिथेही पाइप कोरडाच लागतो. पांढऱ्या यूपीव्हीसीसाठी वेगळ्या मापाची पुश-फिट फिटिंग असतात, भावाने आणलेली ती नव्हेत.

गरम पाण्याच्या लाइनबद्दल मात्र जरा थांबून वाचा. तुम्ही गार लाइनबद्दल विचारलंय, पण नूतनीकरणात एक बंद करता करता दुसरीही बंद केली जाते. गिझरच्या सेफ्टी व्हॉल्व्हमधून बाहेर काढलेली बारीक नळी कधीकधी ठिबकते, आणि ‘गळतेय’ म्हणून तिला डमी मारलेली मी पाहिली आहे. २५ लिटर पाणी २० अंशांवरून ६० अंशांवर तापलं की ते जवळपास पाव-अर्धा लिटर वाढतं. मागे नॉन-रिटर्न व्हॉल्व्ह (पाणी उलटं जाऊ न देणारा) असेल तर त्या वाढलेल्या पाण्याला जायला जागा नसते, ते त्या नळीतूनच येतं. ती बंद केली तर टाकी फुटू शकते. ती नळी कुठल्याही कॅपने, कुठल्याही कारणाने बंद करायची नाही.

तसाच गच्चीवरचा, वर उघडं तोंड असलेला उभा पाइप. सोलर वॉटर हीटरच्या टाकीवरचा असो किंवा पाण्याच्या उभ्या लाइनवरचा, तो हवेसाठी असतो. त्यातून पाणी उसळतं किंवा कचरा जातो म्हणून लोक त्यावर कॅप बसवतात. सोलरच्या टाकीतलं पाणी एकदम निघालं आणि आत हवा शिरायला वाट नसली तर टाकी आत चेपते. उभ्या लाइनवरचा बंद केला तर खालच्या मजल्यांवर नळ थुंकल्यासारखे चालायला लागतात आणि कारण कुणाला सापडत नाही. कचऱ्याची भीती असेल तर जाळी बांधा किंवा तोंड खाली वळवा.

आता परत तुमच्या भिंतीकडे. सोल्युशनची कॅप किंवा डमी लावल्यावर, टाइलच्या आधी, व्हॉल्व्ह पूर्ण उघडून निदान एक रात्र तसंच राहू द्या आणि सकाळी जोडाला टिश्यू लावून पाहा. सोसायटीत प्रेशर पंप असेल तर तो चालू असताना पाहा. गच्चीवरच्या व्हॉल्व्हचं सोसायटीच्या सेक्रेटरींना लेखी कळवा. गेट व्हॉल्व्हच्या जागी बॉल व्हॉल्व्ह बसवायला फारसा खर्च नाही आणि पुढच्या प्रत्येक दुरुस्तीला सगळ्याच मजल्यांना त्याचा उपयोग होईल. आणि गिलाव्याआधी पाइपशेजारी मोजपट्टी धरून, एकदा फरशीपासून आणि एकदा बाजूच्या कोपऱ्यापासून, दोन फोटो काढून ठेवा. ट्रॉलीवाला दोन महिन्यांनी ड्रिल घेऊन येईल तेव्हा त्याला ते दाखवा.

टी किती लांब आहे ते कळलं की इथे लिहा, कुठला मार्ग घ्यायचा ते मग नेमकं सांगतो.